पंचकल्याणकासाठी अथणी भागातून हत्तीण आणायची आहे : परवानगी कोणाची, किती दिवस आधी?

मिरजपूर्व

जय जिनेंद्र. आमचं गाव मिरज तालुक्याच्या पूर्व भागात आहे. फेब्रुवारीत पाच दिवसांचा पंचकल्याणक महोत्सव (तीर्थंकरांच्या जीवनातल्या पाच मंगल प्रसंगांचा उत्सव) ठरलाय. जन्मकल्याणकाला पांडुकशिलेकडे, म्हणजे जन्माभिषेकाच्या जागेकडे जाणाऱ्या मिरवणुकीत ऐरावत म्हणून खरा हत्ती असावा, अशी समितीची इच्छा आहे. अथणी तालुक्यातल्या एका मठाची हत्तीण मिळू शकते, मठाची तोंडी तयारी आहे. अंतर साठ-पासष्ट किलोमीटर, मध्ये राज्याची हद्द.

समितीत दोन मतं आहेत. काही जण म्हणतात, पोलीस ठाण्याला मिरवणुकीचं पत्र दिलं की झालं, धार्मिक कामाला कायद्यात सूट आहे. काही जण म्हणतात, नागपूरहून परवानगी लागते. नांदणी मठाची हत्तीण न्यायालयाच्या आदेशाने गुजरातच्या वनतारा केंद्रात हलवली गेली, त्या प्रकरणानंतर ट्रकवालाही कागद बघितल्याशिवाय गाडी लावायला तयार नाही. नेमका अर्ज कोणी, कुठे, कशाच्या आधारे करायचा? हत्तीण चालत आणली तर परवानगीतून सुटका होते का? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावं.

वनकायदा

ट्रकवाल्याचं बरोबर आहे. वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ च्या कलम ४८क प्रमाणे, मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी आहे याची खात्री केल्याशिवाय वाहतूकदाराने वन्यप्राणी गाडीत घ्यायचाच नाही. विनापरवाना वाहतुकीत गाडी जप्त होते आणि कलम ३९ नुसार सरकारजमाही होऊ शकते.

धार्मिक कामाला सूट आहे हा समज २०२२ च्या दुरुस्तीनंतर पसरला. ही दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे. तिने कलम ४३ मध्ये एवढंच घातलं, की वैध मालकी प्रमाणपत्र असलेल्या व्यक्तीला धार्मिक किंवा इतर कारणासाठी पाळीव हत्तीचं हस्तांतर किंवा वाहतूक करता येईल, पण केंद्र सरकार ठरवील त्या अटींवर. म्हणजे दार उघडलं, पण अटींसकट. त्या अटींचे नियम १४ मार्च २०२४ ला अधिसूचित झाले : पाळीव हत्ती (हस्तांतर किंवा वाहतूक) नियम २०२४. शिवाय कलम ४०(२) आहेच. अनुसूची १ मधला प्राणी (हत्ती त्यात येतो) ताब्यात घेणं, देणं किंवा त्याची वाहतूक करणं याला मुख्य वन्यजीव रक्षकांची किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याची लेखी पूर्वपरवानगी लागते. मंजुरी येण्याआधी प्राणी हलला की गुन्हा झाला. अनुसूची १ च्या प्राण्याबाबत शिक्षा तीन ते सात वर्षं कैद आणि किमान २५,००० रुपये दंड. पोलिसांचं मिरवणुकीचं परवानगीपत्र यातलं काहीच भागवत नाही.

अर्ज उत्सव समितीने करायचा नाही. तो मालकी प्रमाणपत्र ज्यांच्या नावावर आहे त्यांनी, म्हणजे मठाने करायचा. समितीच्या लेटरहेडवरचा अर्ज वन विभाग परत पाठवतो आणि त्यात पंधरा-वीस दिवस जातात. मठाचा अर्ज हत्तीणीच्या नोंदणीच्या जागेवर ज्यांचं कार्यक्षेत्र आहे त्या कर्नाटकातल्या उपवनसंरक्षकांकडे जातो. ते जागेवर पाहणी करतात, पशुवैद्यकाचा अहवाल घेतात आणि शिफारशीसह प्रकरण बेंगळुरूला मुख्य वन्यजीव रक्षकांकडे पाठवतात. हत्तीण महाराष्ट्रात येणार म्हणून आपल्या बाजूचं ना-हरकत लागतं. ते सांगलीच्या उपवनसंरक्षकांमार्फत नागपूरच्या मुख्य वन्यजीव रक्षकांकडे मागायचं. तुमच्या समितीचं काम या दुसऱ्या टप्प्यात आहे. मठाच्या अर्जाची प्रत, महोत्सवाची पत्रिका, मुक्कामाच्या जागेचा नकाशा आणि सात-बारा, जबाबदार तीन-चार माणसांची नावं, चारापाणी आणि पशुवैद्यक यांची लेखी हमी, एवढं जोडून सांगलीला द्या.

दोन राज्यं आणि दोन मुख्यालयं म्हटल्यावर साठ दिवस हातात ठेवाच. फेब्रुवारीचा कार्यक्रम असेल तर अर्ज डिसेंबर उजाडायच्या आत दाखल झालेला हवा.

सगळ्यात आधी मात्र मठात जाऊन मूळ मालकी प्रमाणपत्र हातात घेऊन वाचा, झेरॉक्सवर जाऊ नका. कलम ४२ खालचा दाखला आहे का, कोणाच्या नावावर आहे, ते महाराज किंवा विश्वस्त आज हयात आहेत का, हत्तीणीची उंची, वय आणि अंगावरच्या खुणा जुळतात का, मायक्रोचिप क्रमांक आहे का, हे सगळं तपासा. निम्मी प्रकरणं इथेच अडतात. दाखला पूर्वीच्या स्वामीजींच्या नावावर असतो आणि ते जाऊन दहा वर्षं झालेली असतात.

मिरजपूर्व

खूप आभार. मठात चौकशी केली. दाखला आहे आणि संस्थानच्या नावावर आहे, पण जुना आहे. मायक्रोचिपचा उल्लेख नाही. मठाचे कारभारी म्हणतात चिप नंतर बसवली, पण कागद सापडत नाही. याने अडेल का? आणि चालत आणण्याबद्दल?

वनकायदा

चिप बसवली असेल तर तिचा क्रमांक स्कॅनरने वाचता येतो. उपवनसंरक्षकांना पत्र देऊन वन विभागाच्या पशुवैद्यकासमोर चिप वाचून घ्या, पंचनामा करा आणि तो क्रमांक दाखल्यावर नोंदवून मागा. हे काम अर्जाच्या आधी उरका. अर्जात एक क्रमांक आणि स्कॅनरवर दुसरा, असं पाहणीच्या दिवशी निघालं तर नुसती परवानगी जाणार नाही, मालकीवरच चौकशी लागेल.

दुसरं, हत्तीणीच्या जनुकीय नोंदीची चौकशी करा. देशातल्या पाळीव हत्तींचे डीएनए नमुने घेऊन देहरादूनच्या भारतीय वन्यजीव संस्थेच्या मदतीने ‘गज सूचना’ या अॅपवर नोंद होते. २०२४ च्या नियमांत हस्तांतराला ही नोंद असणं बंधनकारक आहे. तुमचं प्रकरण कायमच्या हस्तांतराचं नाही, तात्पुरत्या वाहतुकीचं आहे. तरी नोंद असेल तर ओळखीचा प्रश्न तिथेच मिटतो, आणि अधिकारी ती विचारतातच.

चालत आणलं तरी ती वाहतूकच. कलमात ट्रक हा शब्द नाही. म्हैसाळच्या पुढे कागवाडची हद्द आहे आणि रस्त्यावर हत्ती लपत नाही. केंद्राच्या २००८ च्या पाळीव हत्ती मार्गदर्शक सूचना सांगतात की सलग तीन तासांपेक्षा जास्त चालवू नये आणि पन्नास किलोमीटरपेक्षा जास्त अंतर असेल तर वाहनानेच न्यावं. तुमचं अंतर त्याच्या वर जातं. ‘चालत येईल’ असा अर्ज केलात तर तो याच मुद्द्यावर परत येईल.

गजवैद्यक

आरोग्य दाखल्याबद्दल लिहितो, कारण लोक तो शेवटच्या दिवशी मिळणारा शिक्का समजतात.

२०२४ च्या नियमांप्रमाणे पशुवैद्यकाने लिहून द्यायचं असतं की हत्ती ट्रकने किंवा रेल्वेने प्रवास करायला योग्य आहे, माजाची (नराच्या मस्तीच्या काळाची) चिन्हं नाहीत आणि संसर्गजन्य रोग नाही. रोग असेल तर विलगीकरणाची मुदत पूर्ण झाल्यावरच हलवता येतं. सोबत माहूत आणि त्याचा मदतनीस दोघेही हवेत. चढवण्याआधी चारापाणी झालेलं हवं आणि वाटेतल्या चाऱ्यापाण्याची सोय आधी केलेली हवी. हत्तीण असल्यामुळे माजाचा प्रश्न येत नाही. नर असता तर कानशिलाजवळच्या ग्रंथीतून पाझर, लघवीची सतत धार यातलं काही दिसताच प्रवास रद्द, दुसरा विचार नाही.

मठ-मंदिरांतल्या हत्तिणींमध्ये सर्वांत जास्त दोष निघतात ते पायांत. वर्षानुवर्षं फरशीवर किंवा सिमेंटवर उभं राहून तळवे झिजतात, त्यांना भेगा पडतात, नखांच्या मुळाशी पू होतो. पाय धुतल्याशिवाय तपासणी करू देऊ नका. चिखल आणि शेण निघाल्यावरच भेग दिसते. नखाच्या वरची कड ओलसर असेल तर ते तब्येतीचं चांगलं लक्षण. ती कोरडी आणि फाटलेली असेल तर सावध व्हा. उभी असताना एकच पाय वारंवार उचलून धरते का, मागचे गुडघे ताठ ठेवून चालते का, बसल्यावर उठायला किती वेळ घेते, हे दहा मिनिटं लांबून बघा. सांधे धरलेल्या हत्तिणीला दोन तास ट्रकमध्ये तोल सांभाळत उभं करणं म्हणजे छळ आहे. असं दिसलं तर कोणत्याही पशुवैद्यकाने दाखला देऊ नये आणि समितीने मागूही नये. क्षयाची तपासणी झाली आहे का तेही विचारा. हत्तीचा क्षय माणसाला होतो आणि माणसाचा हत्तीला, म्हणून माहुताचीही तपासणी हवी.

प्राथमिक तपासणी अर्जाच्या वेळी, आणि अंतिम दाखला निघण्याच्या आदल्या दिवशी. महिन्याभरापूर्वीच्या दाखल्याला वैद्यकीय अर्थ नाही.

ट्रकविषयी. हौद्याची लांबी बारा फुटांपेक्षा कमी असलेला ट्रक घेऊ नये, असं २००८ च्या सूचना सांगतात. प्रौढ हत्तीण तीन टनांच्या आसपास भरते. फळ्या कुजलेल्या नाहीत ना, आत खिळे किंवा बोल्ट बाहेर आलेले नाहीत ना, हे हात फिरवून बघा. तळाला वाळू किंवा मुरमाचा थर आणि वर उसाचं पाचट टाका. नुसत्या पत्र्यावर लघवी झाली की पाय घसरतो. छातीपुढे आणि मागे आडवा वासा बांधा आणि त्यावर पोती गुंडाळा, म्हणजे ब्रेक लागल्यावर तिला टेकायला मिळतं. पाय बांधायचे ते सुती किंवा काथ्याच्या जाड दोरानेच. बारीक साखळीने कातडं सोलतं आणि ती जखम महिनोन्महिने भरत नाही.

चढवायला जेसीबीने मुरमाचा उतार करतात. चार फूट उंचीसाठी निदान बारा-पंधरा फूट लांबी द्या, पाणी मारून चोपून घ्या आणि उताराची कड ट्रकच्या तळाशी जुळवा. हत्तीण पुढचा पाय टाकून आधी वजन तोलून बघते. माती दबली किंवा मध्ये फट दिसली की पाय मागे घेते, आणि मग तास तास चढत नाही. अशा वेळी माणसं ओरडायला, टोचायला लागतात आणि नको ते घडतं. चूक तिची नसते, उताराची असते. लक्षात ठेवा, उतार दोन लागतात : मठात एक, तुमच्या गावात एक. गावातला हमखास विसरला जातो.

घाबरट आहे म्हणून भुलीचं इंजेक्शन देऊन आणू, असं कोणी सुचवलं तर साफ नकार द्या. नियमांनी ते पशुवैद्यकाच्याच हातात ठेवलंय. अर्धवट गुंगीतला हत्ती ट्रकमध्ये बसला किंवा कोसळला तर स्वतःच्याच वजनाने त्याचा श्वास कोंडतो.

पहाटे पाचला निघा, वेग तीसच्या आसपास ठेवा, मध्ये सावलीत एक थांबा घ्या. ऊन तापायच्या आत मुक्कामी पोचायलाच हवं. औंधच्या यमाई देवस्थानचा गजराज २०१७ मध्ये मथुरेच्या केंद्रात हलवला गेला. तो म्हातारा होता आणि त्याची दृष्टीही अधू होती, तरी थांबे घेत आणि वैद्यक सोबत ठेवून एवढा लांबचा प्रवास झाला. साठ किलोमीटरला सबबी सांगायला जागा नाही.

ट्रस्टचा_सल्लागार

पैशाच्या बाजूवर कोणी बोललं नाही म्हणून लिहितो. कलम ४३(१) प्रमाणे पाळीव हत्ती विकता येत नाही आणि व्यापारी स्वरूपाच्या कोणत्याही मोबदल्यावर दुसऱ्याला देताही येत नाही. आपल्या भागात ‘हत्तीचं भाडं’ सरसकट बोललं जातं, पावतीवरही तसंच लिहिलं जातं. ती पावती उद्या पुरावा ठरते. शब्द बदलून ‘देणगी’ लिहिणं हा यावरचा मार्ग नाही. हत्तीच्या बदल्यात ठरवून दिलेली रक्कम ही ठरवून दिलेली रक्कमच राहते. समितीने ट्रकचं बिल ट्रकवाल्याला, चाऱ्याचं शेतकऱ्याला, तपासणीची फी वैद्यकाला थेट द्यावी. मठाला हत्तीसाठी काही देऊ नये.

पुढचा भाग आपल्या समाजाला अवघड वाटेल. हत्तीवर इंद्र-इंद्राणी म्हणून बसण्याचा मान सवाल बोलून, म्हणजे बोली लावून दिला जातो आणि त्यातून मोठी रक्कम उभी राहते. प्राण्यावर बसण्याच्या जागेचा लिलाव झाला, की मिरवणूक निव्वळ धार्मिक होती हे सांगणं जड जातं. सवाल कलशाचा, पाळण्याचा, अभिषेकाचा घ्या. हत्तीवरच्या जागेचा घेऊ नका.

वनकायदा

बहुतांशी सहमत. प्राणी क्रूरता प्रतिबंधक अधिनियम १९६० खाली प्राणी कल्याण मंडळाची नोंदणी लागते का, असंही विचारलं जातं. त्या कायद्याच्या कलम २१ मध्ये ‘प्रदर्शन’ म्हणजे तिकीट लावून लोकांना आत घेतात ती करमणूक. तिकीट नसलेली देवाची मिरवणूक त्यात सरळ बसत नाही. पण त्याच कायद्याखालच्या २००१ च्या नियमांतली व्याख्या जास्त पसरट आहे, आणि सवाल झाला की विरोधी बाजूला मुद्दा मिळतो. म्हणूनच सल्लागार म्हणतात ते पाळा. कलम ११ मात्र प्रत्येकाला लागू आहे. टोचणं, मारणं, आखूड किंवा जड साखळीत ठेवणं, तहानलेलं ठेवणं हे सगळं क्रूरता आहे, परवानगी असो वा नसो.

नांदणीच्या हत्तिणीबाबत मुंबई उच्च न्यायालयाने १६ जुलै २०२५ ला निकाल दिला आणि सर्वोच्च न्यायालयाने २८ जुलैला त्यात हस्तक्षेप नाकारला. लोकांच्या भावना आपण सगळ्यांनी पाहिल्या. त्या प्रकरणाच्या कागदांत पायांच्या आजाराबरोबर परराज्यात विनापरवाना मिरवणुकीला नेल्याचा मुद्दाही होता. मठाला आपली हत्तीण जपायची असेल तर एकही फेरी कागदाशिवाय होता कामा नये, हे त्यांनाही समजावून सांगा.

उत्सव_नियोजन

गावातल्या तयारीबद्दल.

पोलिसांची परवानगी वेगळी घ्यायचीच आहे. अर्जात मिरवणुकीत हत्ती आहे हे स्पष्ट लिहा आणि मार्ग चौकाचौकानिशी द्या. महावितरणच्या शाखा कार्यालयाला मार्गावरच्या तारांची उंची मोजायला सांगा. जमिनीवरून अंबारी आणि बसलेला माणूस यांची उंची धरली की सर्व्हिस वायर डोक्याला लागते. मिरवणुकीपुरता पुरवठा बंद ठेवायचं पत्रही त्यांच्याकडूनच घ्या. पशुधन विकास अधिकाऱ्यांना आधी कळवा. पण हत्तीचा अनुभव असलेला वैद्यक वेगळा ठरवावा लागेल.

अंबारीत माहुताशिवाय फार तर दोन माणसं. चार-चार जण चढवणं बंद करा. मिरवणुकीतला तिचा सहभाग तासाभराचा, सकाळी दहाच्या आत. फेब्रुवारीतही अकरानंतर डांबर पायाला भाजतं. मार्गावर टँकरने पाणी मारून घ्या.

डीजे आणि हत्ती एका मिरवणुकीत नको, अजिबात नको. हत्तीला माणसाच्या ऐकण्यापलीकडचा खालच्या पट्टीतला आवाजही जाणवतो. बेसचा ठोका तिच्या अंगावर येतो. मंगलवाद्य, सनई-चौघडा, झांजपथक चालेल, तेही वीस-पंचवीस फूट पुढे. फटाके, रंगीत धूर, ड्रोन, लेसर यांना समितीच्या ठरावानेच बंदी घाला आणि तो ठराव परवानगीच्या अर्जाला जोडा. अधिकाऱ्यांवर त्याचा चांगला परिणाम होतो.

दोन्ही बाजूंनी स्वयंसेवकांनी दोर धरून कडं करायचं. पाठीमागून कोणालाही येऊ द्यायचं नाही. मागून शेपटीला हात लावणारी पोरं हे सगळ्यात मोठं संकट. लोक केळी, पेढे, गूळ-खोबरं भरवायला धावतात. अचानक गोड पोटात गेलं की पोटशूळ होतो. नैवेद्य एका टोपल्यात गोळा करा. त्यातलं काय आणि किती द्यायचं ते माहूत ठरवील.

मुक्कामाला झाडाखालची मातीची जागा द्या, मंडपाचं काँक्रीट नको. दिवसाला दीडशे ते दोनशे किलो हिरवा चारा लागतो. आपल्याकडे उसाचं वाडं भरपूर असतं, पण नुसत्या वाड्यावर ठेवू नका. मका, कडवळ, वडाच्या डहाळ्या, केळीचे खांब मिसळा. मठात काय खाते ते विचारून तेच जास्त ठेवा. पाणी दीडशे-दोनशे लिटर, शिवाय अंघोळीचं वेगळं. बिथरली तर गर्दी पांगवायची, तिच्यामागे धावायचं नाही. माहूत सोडून बाकी सगळे मागे. वनपरिक्षेत्र अधिकाऱ्यांचा नंबर आणि वन विभागाची १९२६ ही हेल्पलाइन प्रत्येक स्वयंसेवकाकडे हवी.

एक विनंती मनापासून. समितीच्या बैठकीत ऐरावताच्या चित्ररथाचा पर्यायही मांडा. केरळात त्रिशूर जिल्ह्यातल्या इरिंजाडप्पिल्ली मंदिराने २०२३ मध्ये अकरा फुटी यांत्रिक हत्ती उत्सवात आणला. आपल्या भागातले मूर्तिकार आणि फॅब्रिकेशनवाले सात सोंडांचा सुद्धा ऐरावत करून देतील. अहिंसेचा उत्सव आहे. तो हत्तीण न आणताही तेवढ्याच थाटात होतो.

मिरजपूर्व

सगळ्यांचे मनापासून आभार. रविवारच्या बैठकीत हे सगळं वाचून दाखवतो. चित्ररथाचाही विषय घेतो, समितीतल्या तरुणांचं मत तसंच आहे. शेवटचं एक विचारतो : परवानगी मिळाली तर गाडीत नेमके कोणते कागद हवेत? आणि परतीला पुन्हा अर्ज लागतो का?

वनकायदा

गाडीत मूळ प्रती ठेवा : कर्नाटकचा वाहतूक परवाना, महाराष्ट्राचं ना-हरकत, मालकी प्रमाणपत्र, आदल्या दिवशीचा आरोग्य दाखला, चिप क्रमांकाचा पंचनामा, माहूत आणि मदतनीस यांची ओळखपत्रं. परवान्यात ट्रकचा नंबर असेल तर तोच ट्रक निघाला पाहिजे. ऐनवेळी गाडी बदलली तर आधी कार्यालयात कळवून दुरुस्ती करून घ्या.

परतीची तारीख आणि मार्ग मूळ अर्जातच मागा, म्हणजे एकाच आदेशात दोन्ही बाजू येतात. ते राहिलं तर पंचकल्याणक संपल्यावर हत्तीण तुमच्या गावात अडकून पडते, आणि मुदत संपलेल्या परवान्यावर परत पाठवणं हाही गुन्हाच. महोत्सव पाच दिवसांचा असला तरी ती पाचही दिवस कशाला हवी? जन्मकल्याणकाच्या आदल्या दिवशी सकाळी आणा, जन्मकल्याणक झाल्यावर दुसऱ्या दिवशी परत पाठवा, आणि हातात दोन दिवस जादा राहतील अशी मुदत मागा, म्हणजे तिची तब्येत बिघडली तर घाईने हलवावं लागणार नाही. परतीच्या वेळीही आरोग्य दाखला नव्याने घ्यायचा. एका राज्यातून दुसऱ्या राज्यात वाहतूक झाल्यापासून तीस दिवसांच्या आत मठाने मुख्य वन्यजीव रक्षकांना लेखी कळवायचं असतं, कलम ४३(२). पोहोच घेऊन तिची एक प्रत सांगलीच्या कार्यालयातही द्या.

आणि आदल्या संध्याकाळी वैद्यकाने ‘नाही’ म्हटलं तर हत्तीण येणार नाही, हे बैठकीच्या इतिवृत्तात आत्ताच लिहून ठेवा. पत्रिकेवर हत्तीचं चित्र किंवा ‘गजराजासह भव्य मिरवणूक’ असं काही छापू नका, म्हणजे त्या संध्याकाळी वैद्यकावर आणि माहुतावर गावाचा दबाव येणार नाही.